संस्थेने नेमले, शिक्षणाधिकाऱ्यांनी नाकारले: आता दाद नेमकी कोणाकडे मागायची?

उंबरठा
नमस्कार. येथे शिक्षण खात्यातील व न्यायालयातील अनुभव असलेली मंडळी आहेत हे ठाऊक असल्याने घरचा प्रश्न मांडतो आहे.

माझ्या पत्नीची नेमणूक जून २०१३ मध्ये आमच्या तालुक्यातील एका शंभर टक्के अनुदानित माध्यमिक शाळेत गणिताची शिक्षण सेवक (पहिली तीन वर्षे मानधनावर काम करणारी शिक्षिका) म्हणून झाली. आधीचे शिक्षक नियत वयोमानाने निवृत्त झाले होते आणि पद संचमान्यतेत (पटानुसार शाळेला मिळणाऱ्या पदांच्या यादीत) मंजूर होते. दोन वर्तमानपत्रांत जाहिरात आली होती, मुलाखतीला नऊ उमेदवार होते. संस्थेचा ठराव, नियुक्ती आदेश आणि रुजू अहवाल हे सगळे आमच्याकडे आहे. वैयक्तिक मान्यतेचा (तिच्या नेमणुकीला खात्याची मंजुरी, म्हणजेच अनुदानातून पगार मिळण्याचा) प्रस्ताव शिक्षणाधिकारी कार्यालयात गेला आणि २ मे २०१२ च्या शासन निर्णयानुसार भरतीस बंदी असल्याने मान्यता देता येत नाही, अशा दोन ओळींच्या पत्रासह परत आला. त्यानंतर संस्थेने प्रस्ताव आणखी दोनदा पाठवला आणि तो दोनदा परत आला. बारा वर्षे ती नववी-दहावीला गणित शिकवते आहे. पहिली दोन वर्षे संस्थेने तुटपुंजे मानधन दिले, पुढे तेही थांबले.

गेल्या सोमवारी ती शाळेत गेली, तेव्हा हजेरीपटावर तिच्या नावासमोरच्या चौकोनांवर आडवी लाल रेघ मारलेली होती. पवित्र पोर्टलमार्फत (शासनाच्या ऑनलाइन शिक्षक भरतीतून) त्याच पदावर नवीन शिक्षक रुजू झाले आहेत, आता सही करू नका, असे मुख्याध्यापकांनी तोंडी सांगितले. लेखी काहीही दिलेले नाही. शाळा न्यायाधिकरणात जावे, की उच्च न्यायालयात? की बारा वर्षांनी आता काहीच हाती लागणार नाही?

मधली सुट्टी
बारा वर्षे बिनपगारी गणित शिकवणाऱ्या बाईंना व्यवहारी अपूर्णांक कोणीतरी नीट शिकवायला हवे होते, एवढेच म्हणतो. (क्षमस्व. गंभीर उत्तर जाणकार देतीलच.)

खडूफळा
मधली सुट्टी, विनोद समजला, परंतु मी एका अनुदानित शाळेचा मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालो आहे आणि 'आज ना उद्या मान्यता येईल' या एका वाक्यावर दहा-दहा वर्षे काढणारे शिक्षक मी माझ्या स्टाफरूममध्ये पाहिले आहेत. माणूस सोडून जात नाही, कारण सोडले तर आधीची वर्षे पाण्यात जातात; आणि जितकी वर्षे जास्त, तितके सोडणे अवघड.

थोडी पार्श्वभूमी सांगतो, म्हणजे नव्या सभासदांना २ मे २०१२ चे प्रकरण कळेल. ऑक्टोबर २०११ मध्ये राज्यभर विशेष पटपडताळणी झाली आणि अनेक शाळांत कागदावर असलेली मुले वर्गात नाहीत असे आढळले. पट घसरला की पदे घटतात आणि शिक्षक अतिरिक्त ठरतात. त्यांचे समायोजन (दुसऱ्या शाळांत सामावून घेणे) होईपर्यंत खाजगी अनुदानित शाळांनी नवी भरती करू नये, असा तो शासन निर्णय होता. हेतू समजण्यासारखा होता. पण ज्या शाळेतले गणिताचे शिक्षक निवृत्त झाले, तिला अतिरिक्त ठरलेले गणिताचे शिक्षक खात्याने पाठवायला हवे होते की नाही? ते आले नाहीत, वर्ग मात्र रोज भरत होता. मग संस्थांनी माणसे नेमली आणि खात्याने त्यांची मान्यता अडवली. आजच्या निम्म्या खटल्यांचे मूळ त्या काळात आहे, असे माझे मत आहे.

वादी-प्रतिवादी
उंबरठा, मी वकिली करतो आणि शाळा न्यायाधिकरणापुढील प्रकरणे चालवतो. आपण दोन वेगळे प्रश्न एकत्र विचारत आहात. ते प्रथम वेगळे करू.

पहिला प्रश्न नोकरीचा. महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ च्या कलम ९ नुसार बडतर्फ केलेल्या, काढून टाकलेल्या किंवा अन्य प्रकारे सेवा संपवलेल्या कर्मचाऱ्याला शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. मुदत तीस दिवसांची आहे. तोंडी सेवासमाप्ती हीदेखील सेवासमाप्तीच असते. लेखी आदेश मिळेल मग पाहू, असे म्हणत बसलात तर तीस दिवस असेच निघून जातील. उशीर माफ करण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे, पण त्यावर विसंबून राहू नका.

दुसरा प्रश्न मान्यतेचा, म्हणजेच पगाराचा. शिक्षणाधिकाऱ्यांच्या नकाराविरुद्ध न्यायाधिकरणात अपील चालत नाही. त्यासाठी उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. येथे एक गोष्ट लोक नेहमी विसरतात. शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता ही वैध नियुक्तीची पूर्वअट नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणात स्पष्ट केलेले आहे. मान्यतेचा संबंध अनुदानाशी आहे. नियुक्ती संस्था करते आणि ती कायद्याप्रमाणे झाली असेल, तर केवळ मान्यता नाही म्हणून शिक्षकाला घरी बसवता येत नाही. उलट बाजूही सांगतो: न्यायाधिकरण सर्वप्रथम हेच तपासेल की नियुक्ती कलम ५ आणि १९८१ च्या नियमावलीनुसार झाली होती का.

तीन गोष्टी कळवा. नियुक्ती आदेशात मुदत काय लिहिली आहे? त्या वेळी बिंदुनामावली (आरक्षणानुसार पदांची नोंद, म्हणजे रोस्टर) प्रमाणित होती का? आणि नकाराची तिन्ही पत्रे कोणत्या वर्षांची आहेत व प्रत्येकात कारण काय दिले आहे?

जावक क्रमांक
मी शिक्षणाधिकारी कार्यालयात आस्थापनेच्या टेबलावर नोकरी केली, त्यामुळे दुसऱ्या बाजूची खुर्ची मला माहीत आहे. वैयक्तिक मान्यतेचा प्रस्ताव येतो तेव्हा त्यात ठराव, जाहिरातीची कात्रणे, मुलाखतीचा गुणतक्ता, संचमान्यता, बिंदुनामावली, पात्रतेची प्रमाणपत्रे आणि रुजू अहवाल अशी भली जाडी असते. प्रामाणिकपणे काम करायचे ठरवले, तर सगळ्या त्रुटी एकाच पत्रात कळवता येतात. प्रत्यक्षात एका वेळी एकच त्रुटी काढण्याची कला आमच्याकडे विकसित झालेली होती: आधी रोस्टर, ते आणले की जाहिरात आलेल्या वर्तमानपत्राचा खप, तोही सिद्ध केला की ठरावावरील सूचक-अनुमोदकांच्या सह्या. संस्थेचा लिपिक पिशवी घेऊन दर महिन्याला यायचा आणि त्याच्या पिशवीचा बंद आमच्या डोळ्यांदेखत झिजत गेला.

मात्र सगळे अधिकारी लबाड आणि सगळ्या संस्था गरीब गाय, असेही नव्हते. बंदीच्या काळात मागील तारखेने केलेल्या नियुक्त्यांचे प्रस्तावही याच टेबलावर आले. बंदीपूर्वीच्या तारखेचा ठराव समोर यायचा, आणि त्याच दिवसाचे मस्टर (हजेरीपट) मागितले की 'ते पावसात भिजले' असे उत्तर मिळायचे. आमच्या जिल्ह्यात एप्रिल महिन्यातही बरीच मस्टरे पावसात भिजली.

प्रतीक्षा यादी
इथे सगळ्यांना बाईंची दया येते आहे, म्हणून मी दुसरी बाजू मांडतो आणि ती कटू वाटेल.

डिसेंबर २०१७ मध्ये पहिली अभियोग्यता चाचणी (शिक्षक भरतीची परीक्षा) झाली, ती मी दिली. २०२३ ची दिली आणि २०२५ चीही दिली. टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) उत्तीर्ण आहे, डी.एड. आहे, बी.एड. आहे. वडील दुसऱ्याच्या रानात राबतात. जून २०१७ च्या शासन निर्णयाने पवित्र पोर्टल आले, तेव्हा आमच्यासारख्यांना पहिल्यांदा वाटले की संस्थाचालकाच्या ओसरीवर न बसता नोकरी मिळू शकते. मुलाखतीसह भरतीत संस्थांना निवडीचा अधिकार राहिलाच. एका पदासाठी आधी दहा उमेदवार पाठवत, आता तीन पाठवतात. तरीही गुणवत्तेचा काहीतरी आधार आहे. उंबरठा यांच्या पत्नीच्या जागी जो मुलगा आला आहे, तो माझ्यासारखाच कोणीतरी असणार. त्याने काय गुन्हा केला?

आणि स्पष्टच विचारतो. २०१३ साली अनुदानित शाळेत नेमणूक झाली, त्या वेळी किती द्यावे लागले?

वादी-प्रतिवादी
उंबरठा, या शेवटच्या प्रश्नाचे उत्तर सार्वजनिक ठिकाणी देऊ नका, हा विनामूल्य सल्ला समजा.

सरचिटणीस
आमच्या वडिलांनी १९७० च्या दशकात गावात शाळा काढली आणि आज मी संस्थेचा सचिव आहे. 'संस्थाचालक' हा शब्द या धाग्यावर शिवीसारखा वापरला जातो आहे, म्हणून लिहितो. आम्ही रिक्त पदासाठी अतिरिक्त शिक्षक मागितले तर येत नाहीत. स्वतः नेमले तर मान्यता मिळत नाही. नेमले नाही तर पालक फाटकाशी उभे राहतात. वेतनेतर अनुदानात वीजबिलही भागत नाही. पोर्टलवरून आलेला उमेदवार रुजू होतो आणि जिल्हा परिषदेत निवड झाली की जातो. पुन्हा पद रिकामे.

हे मान्य करतो की अनेक संस्थांनी पदे विकली आणि सगळ्यांचे नाव घालवले. पण उंबरठा यांच्या संस्थेने बाईंना लेखी आदेश न देता मस्टरवर रेघ मारली, हे मात्र मला अजिबात पटलेले नाही. ज्या हाताने नियुक्तीपत्र दिले, त्या हाताने सेवासमाप्तीचे पत्र देण्याचे धैर्य तरी दाखवायला हवे होते.

रानजाई
मी अशीच एक शिक्षिका आहे आणि जिंकलेली आहे, त्यामुळे जिंकणे म्हणजे काय ते सांगते.

मला संस्थेने दरवर्षी १५ जून ते ३० एप्रिल असा आदेश दिला. मी चार आदेश जपून ठेवले आणि मला वाटले की मी आता कायम झाले. वकिलांनी सांगितले तेव्हा कळले की ठरावीक मुदतीचे आदेश आणि तात्पुरती मान्यता यांतून शिक्षक आपोआप कायम होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्येच हिंदुस्थान एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात म्हटले आहे. माझे सुदैव असे की पहिल्या वर्षाच्या ठरावात 'परिविक्षाधीन' (प्रोबेशनवर) हा शब्द होता आणि आदेशात तो गाळलेला होता. तो ठराव हाती आला माहितीच्या अधिकारात शिक्षणाधिकारी कार्यालयातून. संस्थेने दिला नव्हता.

न्यायाधिकरणाने पुनःस्थापनेचा आदेश दिला. संस्था उच्च न्यायालयात गेली आणि तेथे हरली. त्यानंतर मी शाळेत गेले, तेव्हा मला बसायला खुर्ची नव्हती. आठ महिने मी प्रयोगशाळेच्या स्टुलावर बसले. पुढे मान्यतेसाठी वेगळी याचिका, मान्यता आल्यावर शालार्थ आयडी (शासनाच्या वेतन प्रणालीतील शिक्षकाचा क्रमांक), आयडी आल्यावर वेतनपथकात (पगार काढणाऱ्या कार्यालयात) थकबाकीचे बिल. प्रत्येक दारावर मी निकालाची साक्षांकित प्रत देत असे आणि प्रत्येक ठिकाणी 'आम्हाला याबाबत वरून आदेश नाहीत' असे ऐकत असे.

उंबरठा, तुमच्या पत्नीला सांगा की शाळेत जाणे थांबवू नका, आणि आत घेतले नाही तर त्याच दिवशी 'मी काम करण्यास तयार आहे' असे पत्र नोंदणीकृत टपालाने संस्थेला पाठवा व प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना द्या. कोऱ्या कागदावर सही मुळीच करू नका. या कायद्यात राजीनाम्याची पद्धत ठरवून दिली आहे ती उगाच नाही. आमच्या एका सहकाऱ्याचा 'राजीनामा' असाच तयार झाला होता.

मधली सुट्टी
रानजाई ताई, स्टुलाचे वाचून माझे वरचे वाक्य मागे घेतो.

दौत
थोडे विषयाच्या कडेने. प्रतीक्षा यादी यांनी विचारलेला प्रश्न पश्चिम बंगालमध्ये फार मोठ्या प्रमाणावर उभा राहिला. तेथील सरकारी अनुदानित शाळांसाठी २०१६ च्या निवड प्रक्रियेतून झालेल्या २५,७५३ नियुक्त्या सर्वोच्च न्यायालयाने ३ एप्रिल २०२५ रोजी रद्द ठरवल्या, कारण घोळ इतका खोल होता की संपूर्ण प्रक्रियाच दूषित झाली, असे न्यायालयाचे मत पडले. ज्यांच्यावर व्यक्तिशः ठपका नव्हता, त्यांना पगार परत करावा लागला नाही आणि शिक्षकांना काही महिने काम करू दिले गेले, पण नोकरी गेली ती गेलीच. तेथे तर निवड संस्थाचालकांनी नव्हे, राज्याच्या आयोगाने केली होती. त्यामुळे निवड केंद्रीय झाली की प्रश्न सुटला, असे मला वाटत नाही.

आपल्याकडेही २०२५ मध्ये नागपूर विभागात बनावट शालार्थ आयडींचे प्रकरण बाहेर आले, अधिकाऱ्यांना अटक झाली आणि विशेष तपास पथक नेमावे लागले. त्याचा भुर्दंड कोणाला, तर ज्यांचे कागद खरे आहेत त्यांना. आता प्रत्येक जुनी मान्यता संशयाने पाहिली जाते.

जावक क्रमांक
दौत, अगदी बरोबर. मात्र एकदा दिलेली मान्यता, फसवणूक दाखवता आली नाही, तर शिक्षणाधिकाऱ्याने स्वतःच पुन्हा तपासून रद्द करायची नसते, हे न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. कार्यालयात नवे साहेब आले की जुन्या साहेबांच्या मान्यता 'तपासणीस' घेण्याची प्रथा होती. त्यातून शासनाने किती खटले ओढवून घेतले, त्याची मोजदाद नाही.

खडूफळा
टीईटीचाही उल्लेख व्हायला हवा. १ सप्टेंबर २०२५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सेवेतील शिक्षकांनाही टीईटी बंधनकारक ठरवली आहे. ज्यांची पाच वर्षांहून अधिक सेवा उरली आहे, त्यांनी दोन वर्षांत ती उत्तीर्ण व्हायची. अल्पसंख्याक संस्थांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपवला आहे. उंबरठा यांच्या पत्नीची नियुक्ती १३ फेब्रुवारी २०१३ नंतरची आहे, ही तारीख (त्या दिवशीच्या शासन निर्णयाने राज्यात टीईटी सक्तीची झाली) टीईटीच्या वादांत फार महत्त्वाची ठरते. पण टीईटीचा संबंध पहिली ते आठवीशी आहे. आदेशात 'माध्यमिक' असे लिहिलेले आहे का, आणि आठवीपर्यंतचे तास त्यांच्याकडे दाखवले आहेत का, हे वेळापत्रकावरून पाहून घ्या. वेळापत्रक हा फार दुर्लक्षित पुरावा आहे. मुख्याध्यापकाची सही त्यावर दरवर्षी असते.

उंबरठा
सर्वांचे आभार. चार दिवस ट्रंकेतले कागद काढून बसलो होतो, त्यामुळे उत्तराला उशीर झाला.

वकीलसाहेबांच्या प्रश्नांची उत्तरे. आदेशात 'तीन वर्षांच्या शिक्षण सेवक कालावधीसाठी' असे लिहिलेले आहे, ३० एप्रिलची मुदत नाही. बिंदुनामावली मागासवर्गीय कक्षाकडून तपासलेली होती आणि पद खुल्या प्रवर्गाचे होते. पहिला नकार २०१४ चा असून त्यात भरतीबंदीचे कारण आहे. दुसरा २०१८ चा असून त्यात 'विलंबाने प्रस्ताव सादर' असे म्हटले आहे. तिसरा २०२३ चा असून त्यात कारणच नाही, फक्त 'प्रस्ताव मूळ स्वरूपात परत' एवढेच आहे. खडूफळा सर, वेळापत्रके सापडली. सगळे तास नववी-दहावीचे आहेत.

प्रतीक्षा यादी, तुम्ही विचारले म्हणून सांगतो, वकीलसाहेब रागावले तरी चालेल. सासऱ्यांनी इमारत निधीला रक्कम दिली होती. पावती नाही. त्यासाठी त्यांनी विहिरीजवळचा तुकडा विकला आणि हे माझ्या पत्नीला रुजू झाल्यावर दोन वर्षांनी कळले. तुमच्या जागी मी असतो, तर मीही हेच विचारले असते.

प्रतीक्षा यादी
खरे बोललात, याबद्दल आभार. माझा मुद्दा मी मागे घेत नाही, कारण तुकडा विकायला नसलेल्यांचे काय, हा प्रश्न उरतोच. परंतु पैसे घेणारा आज कोणत्याच प्रकरणात पक्षकार नाही आणि दोन शिक्षक एका खुर्चीसाठी न्यायालयात समोरासमोर येणार, हे मलाही दिसते आहे. बाईंनी केस करावी. फक्त नव्या मुलाला काढा, अशी मागणी करू नये.

वादी-प्रतिवादी
रागावलो नाही, पण तो मजकूर संपादित करता येतो का ते पाहा.

प्रतीक्षा यादी यांच्या सूचनेला कायद्याचा आधार देता येईल. निवृत्तीमुळे किंवा संचमान्यतेमुळे त्याच संस्थेत दुसरे पद उपलब्ध असेल, तर त्यावर सामावून घेण्याची पर्यायी मागणी करता येते. अपिलात मात्र नव्या शिक्षकाला प्रतिवादी करावेच लागेल, नाहीतर त्याला न ऐकता निकाल दिला म्हणून प्रकरण परत फिरते. ते वैर नाही, प्रक्रिया आहे; त्याला आधी फोन करून सांगा.

२०१४ च्या नकारास आता अकरा वर्षे झाली आहेत आणि उशिराचा मुद्दा सरकारी वकील पहिल्याच तारखेला मांडतील. म्हणून २०२३ च्या कारणरहित पत्राला आव्हान द्या. कारण न देता फेटाळणे टिकत नाही. अशा प्रकरणांत निर्णायक प्रश्न एकच असतो: पद भरण्यापूर्वी संस्थेने शिक्षणाधिकाऱ्यांकडे अतिरिक्त शिक्षकाची मागणी केली होती का? कलम ५ मध्ये ती अपेक्षा आहे. मागणी केली असेल आणि खात्याने कोणाला पाठवलेच नसेल, तर बंदीचे कारण पुढे करून मान्यता नाकारणे खात्याला फार जड जाते. न्यायाधिकरणाने आपल्या बाजूने निकाल दिला, तर कलम ११ खाली देणी संस्थेच्या अनुदानातून वळती करण्याची शिफारसही ते करू शकते, त्यामुळे संस्था तडजोडीला लवकर येते. ते मागणीचे पत्र शोधा.

जावक क्रमांक
संस्थेकडे नसेल तर कार्यालयाच्या आवक नोंदवहीत सापडेल. माहितीच्या अधिकारात 'पत्राची प्रत द्या' असे न लिहिता 'अमुक महिन्याच्या आवक नोंदवहीच्या पानांचे अवलोकन करू द्या' असे लिहा. पत्र गहाळ होते, नोंदवहीचे पान सहसा गहाळ होत नाही, कारण त्याच पानावर इतर चाळीस जणांची कामे असतात.

उंबरठा
आज गेलो होतो. सप्टेंबर २०१२ पासून पाहायला सुरुवात केली. नोंदवहीचा पुठ्ठा निघालेला आहे आणि पाने सुतळीने बांधली आहेत. नोव्हेंबरच्या तिसऱ्या पानावर संस्थेचे नाव आहे आणि विषयाच्या रकान्यात 'अति. शिक्षक (गणित) मागणीबाबत' असे निळ्या शाईत लिहिलेले आहे. 'कार्यवाही' हा रकाना कोरा आहे. लिपिक महोदयांनी पानाची साक्षांकित प्रत बुधवारी देतो असे सांगितले आहे.

मस्टरवर रेघ मारल्यापासून आज अकरावा दिवस आहे. वकीलसाहेब, तुम्हाला व्यक्तिगत निरोप पाठवला आहे.

रानजाई
बुधवारी स्वतः जा. आणि प्रत मिळाल्यावर तिथेच उभे राहून शिक्का नीट उमटला आहे ना, ते पाहून घ्या. माझ्या वेळी तारीख उमटली नव्हती म्हणून पुन्हा जावे लागले होते.